भाऊ अठराचा होईपर्यंत थांबायचं का?

पत्र पूर्व नागपुरातून आलं आहे. ओळख पटेल असे तपशील गाळून ते थोडक्यात असं: लिहिणारी मुलगी चोवीस वर्षांची, बी.एस्सी. झालेली. वडील एका खाजगी, पूर्ण अनुदानित माध्यमिक शाळेत 2001 पासून होते आणि वरिष्ठ लिपिक असताना आठ महिन्यांपूर्वी हृदयविकाराने गेले. घरी आई, वय सत्तेचाळीस, दहावी पास. धाकटा भाऊ साडेसतरा वर्षांचा, बारावीला. काका आणि मामा म्हणतात, "पोरगा अठराचा होऊ दे, बापाच्या जागेवर त्यालाच लावू. तू तर लग्न करून जाशील." मुलीचं लग्न वर्ध्याला ठरलं आहे, येत्या काही महिन्यांत आहे. एक नातेवाईक सुचवतात, तोवर आईचं नाव देऊन जागा अडवून ठेवा. संस्थेचे सचिव म्हणतात, "सध्या सहा हजारांवर कामाला ये, पद मंजूर झालं की मागच्या तारखेचा आदेश काढू, संस्थेच्या इमारत निधीचं मात्र बघावं लागेल." शाळेत अजून एकही लेखी अर्ज दिलेला नाही. ती विचारते: मी माझं नाव दिलं तर भावाचा हक्क खाल्ला असं होईल का? आणि सचिवांचं ऐकायचं का?

प्रिय ताई,

तुमच्या पत्रातलं सगळ्यात काळजीचं वाक्य तुमच्या प्रश्नांच्या आधीचं आहे: अजून लेखी अर्ज दिलेला नाही. हक्क कुणाचा, लग्न आधी की नोकरी आधी, सचिव खरं बोलतात की खोटं, या सगळ्याची चर्चा घरात आठ महिने चालली आहे आणि सरकारी कागदावर तुमच्या घराची नोंदच नाही. अनुकंपाच्या, म्हणजे सेवेत असताना गेलेल्या कर्मचाऱ्याच्या घरातल्या एकाला नोकरी देण्याच्या योजनेच्या, कामात तोंडी बोललेल्याला किंमत नसते. मुख्याध्यापकांनी कितीही आपुलकीने "बघू आपण" म्हटलं असलं, तरी ते म्हणणं कोणत्याही नोंदवहीत जात नाही. म्हणून आधी मुदतीचं सांगते.

कर्मचाऱ्याच्या मृत्यूपासून एका वर्षाच्या आत अर्ज द्यायचा, हा या योजनेचा मूळ नियम. उशीर माफ करण्याच्या तरतुदी आहेत, धोरणातही वेळोवेळी सवलती आल्या. पण उशीर झाला की तो का झाला हे पटवून देण्याचं ओझं आपल्यावर येतं, आणि फाईल एका टेबलाऐवजी चार टेबलांवर फिरते. तुमच्या हातात अजून चार महिने आहेत. तुम्ही एक वर्ष हीच शेवटची तारीख माना, आणि अर्ज या महिन्यातच द्या.

आता काका-मामांच्या म्हणण्याकडे वळू. ते वाईट हेतूने बोलत नाहीत. पण त्यांच्या बोलण्यात गृहीत धरलेलं आहे की ही नोकरी म्हणजे वडिलांनी मागे ठेवलेली मिळकत आहे आणि ती मुलाकडे जाते. तसं नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1994 मध्ये उमेशकुमार नागपाल विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात स्पष्ट केलं की कमावता माणूस अचानक गेल्यावर घरावर आलेल्या आर्थिक संकटातून त्या घराला सावरणं एवढाच अनुकंपा नियुक्तीचा उद्देश आहे. मृत कर्मचाऱ्याच्या पदावर वारसाहक्क निर्माण होत नाही. त्या निकालाचा आधार आजही प्रत्येक अनुकंपा प्रकरणात घेतला जातो. त्यामुळे कार्यालय आणि पुढे वेळ आली तर न्यायालय एकच विचारणार: घराला गरज कधी होती आणि ती भागवायला पुढे कोण आलं? घरात चोवीस वर्षांची पदवीधर मुलगी असताना कुटुंब मुलगा मोठा होण्याची वाट पाहत बसलं, तर "मग तेवढा काळ घर चाललंच की" हे उत्तर समोरून तयार असतं.

पात्र नातेवाइकांच्या यादीत पती किंवा पत्नी, मुलगा, मुलगी, कायदेशीर दत्तक अपत्य, मुलगा हयात नसेल तर सून, घटस्फोटित किंवा परित्यक्ता मुलगी किंवा बहीण, असे सगळे आहेत. मुलगी अविवाहित असो की विवाहित, दोघीही पात्र. मुलाला त्यात वरचं स्थान नाही. तेव्हा तुम्ही नाव दिलंत तर भावाचा हक्क खाल्ला, असं नियमाच्या दृष्टीने अजिबात होत नाही. घरातल्या एकालाच नोकरी मिळते आणि ती कोणी घ्यायची हे कुटुंबाने एकमताने ठरवायचं असतं.

भावाने अठरा पूर्ण झाल्यावर अर्ज करणं बेकायदेशीर आहे का? नाही. अज्ञान, म्हणजे अठराखालच्या, वारसाला सज्ञान झाल्यावर अर्जासाठी मुदत मिळते. ज्या घरात दुसरं कोणी पात्रच नाही, आई पंचेचाळिशीच्या पुढे आहे आणि मुलं लहान आहेत, त्या घरांसाठी ही तरतूद मोलाची आहे. तुमच्या घरात मात्र तिचा तोटा दिसतो. प्रतीक्षासूचीत क्रमांक लागतो तो परिपूर्ण अर्ज मिळाल्याच्या तारखेने. भाऊ सहा महिन्यांनी सज्ञान होणार, मग कागद जमवणार, म्हणजे आज अर्ज देणाऱ्या सगळ्या घरांच्या तो मागे. शिवाय बारावीनंतर लगेच नोकरीला लागला तर त्याचं शिक्षण तिथेच अडकेल. तो पोरगा काय म्हणतो, हे तुमच्या पत्रात कुठेच नाही. त्याला विचारा. साडेसतराव्या वर्षी त्याच्या नावाने घर थांबलंय, हे त्याला पेलवतंय का, तेही कळेल.

आईचं नाव देऊन जागा अडवण्याचा सल्ला मात्र सरळ बाजूला ठेवा. अनुकंपा नियुक्तीसाठी कमाल वय पंचेचाळीस आहे आणि प्रतीक्षासूचीतल्या उमेदवाराचं वय पंचेचाळीस पूर्ण झालं की नाव वगळतात. आई सत्तेचाळीस वर्षांच्या आहेत. त्यांच्या नावाचा अर्ज फेटाळला जाईल, तोवर तुमची मुदत निघून गेलेली असेल. अशा "तात्पुरत्या" नावांमुळे विदर्भातल्या कित्येक घरांचं नुकसान झालं आहे, कारण 20 मे 2015 च्या शासन निर्णयाने सूचीतलं नाव बदलायला बंदी होती, उमेदवाराचंच निधन झालं तर तेवढी सूट. आईचं नाव वयामुळे निघालं की मुलाचं लागत नसे. ही बंदी मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात पूर्णपीठापुढे, म्हणजे मोठ्या न्यायपीठापुढे, गेली आणि मे 2024 मध्ये निकाल वारसांच्या बाजूने लागला. त्यानंतर 17 जुलै 2025 च्या सुधारित धोरणातही नाव बदलायला वाट करून दिली आहे. ज्या वाचकांच्या आईचं नाव या कारणाने पूर्वी वगळलं गेलं आणि ज्यांना कार्यालयाने 2015 चा निर्णय दाखवून परत पाठवलं, त्यांनी या दोन्हींचा उल्लेख करून नव्याने लेखी मागणी करावी. तुमच्यापुरता याचा अर्थ असा: आज तुमचं नाव दिलं आणि पुढे परिस्थिती बदलली, तर भावासाठी दार कायमचं बंद झालं असं होत नाही. पण नाव बदलून मिळेलच असं गृहीत धरून आज नाव देऊ नका. ज्याला खरोखर नोकरी करायची आहे त्याचंच द्या.

आणि इथे मला तुम्हाला एक अवघड प्रश्न विचारायचा आहे. तुम्हाला ही नोकरी करायची आहे का? पत्रात तुम्ही भावाबद्दल, आईबद्दल, सासरबद्दल लिहिलंत. स्वतःच्या इच्छेबद्दल एक ओळही नाही. अर्जासोबत तुम्हाला हमीपत्र द्यावं लागेल की मृत कर्मचाऱ्यावर अवलंबून असलेल्या कुटुंबीयांचा मी सांभाळ करीन. ती नुसती सही नाही. सांभाळ केला नाही अशी तक्रार खरी ठरली तर सेवा जाऊ शकते. कनिष्ठ लिपिकाची वेतनश्रेणी एस-6, म्हणजे 19,900 ते 63,200 रुपये. त्यावर महागाई भत्ता आणि घरभाडे. या पगारातला ठराविक हिस्सा दर महिन्याला आईच्या खात्यात जाईल, भावाची पदवी होईपर्यंत त्याची फी भरली जाईल, हे होणाऱ्या नवऱ्याशी आणि सासूसासऱ्यांशी लग्नाआधी बोलायला हवं. त्यांनी आनंदाने होकार दिला तर काका-मामांचा निम्मा विरोध तिथेच मावळेल. त्यांची भीती एवढीच आहे की नोकरी घेऊन मुलगी सासरी जाईल आणि आई-भाऊ उघडे पडतील. घरच्या बैठकीत रक्कम बोला, नुसतं "मी बघीन" नको.

दुसरी गोष्ट अंतराची. वर्ध्याहून नागपूरला रोज रेल्वेने ये-जा करणारे नोकरदार भरपूर आहेत, त्यामुळे नागपूर शहरात नेमणूक झाली तर निभेल. पण वडिलांच्या संस्थेत योग्य पद रिकामं नसेल तर तुमचं नाव जिल्ह्याच्या प्रतीक्षासूचीत राहतं आणि शिक्षणाधिकारी जिल्ह्यातल्या दुसऱ्या अनुदानित संस्थेकडे शिफारस करू शकतात. ती शाळा नरखेडला असेल, भिवापूरला असेल, रामटेकच्या पुढे असेल. वर्ध्याहून रोज भिवापूर होणार नाही. खाजगी शाळांत सरकारी खात्यासारख्या बदल्या नसतात, बदली झालीच तर त्याच संस्थेच्या दुसऱ्या शाळेत. म्हणजे जिथे रुजू व्हाल तिथे बहुधा निवृत्तीपर्यंत. आणि मिळालेली नेमणूक नाकारली तर सूचीतलं स्थान धोक्यात येतं. बाबांच्या संस्थेच्या किती शाळा आहेत, कुठे आहेत, त्यांत लिपिकांची पदं किती, हे आजच काढून ठेवा.

बाबांची खुर्ची तशीच रिकामी आहे आणि त्यावर कोणीतरी बसणार, असं सगळ्यांना वाटतं. तीही समजूत दुरुस्त करायला हवी. बाबा वरिष्ठ लिपिक होते. ते पद पदोन्नतीने भरतात आणि अनुकंपा नियुक्ती मिळते ती सरळसेवेच्या, म्हणजे थेट भरतीच्या, पदावर. म्हणजे आधी त्या संस्थेतल्या सेवाज्येष्ठ कनिष्ठ लिपिकाला वरिष्ठ लिपिक करायचं, त्या पदोन्नतीला शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता घ्यायची, मग त्याची कनिष्ठ लिपिकाची जागा रिकामी होते आणि ती तुम्हाला मिळू शकते. पदोन्नतीचा प्रस्ताव संस्थेने पाठवलाच नाही तर कागदावर कनिष्ठ लिपिकाचं पद भरलेलंच दिसतं आणि उत्तर येतं, "पद रिक्त नाही." बहुतेक घरांना हे वर्षानुवर्षं कळत नाही. म्हणून मुख्याध्यापकांना पहिला प्रश्न हाच विचारा: वरिष्ठ लिपिकाच्या पदोन्नतीचा प्रस्ताव गेला का, कोणत्या तारखेला, जावक क्रमांक काय?

दुसरा कागद बघायचा तो संचमान्यतेचा. शाळेला किती पदं मंजूर, किती भरलेली, किती रिक्त, किती अतिरिक्त, हे त्या तक्त्यात असतं. शिक्षकेतर पदांचा आकृतिबंध, म्हणजे किती पदं मिळतील याचा आराखडा, 28 जानेवारी 2019 च्या शासन निर्णयाने ठरला आहे आणि तो विद्यार्थीसंख्येवर चालतो. पट घसरला असेल तर बाबांच्या जाण्याबरोबर पदच कमी झालेलं असू शकतं. तसं असेल तर सचिवांशी भांडून उपयोग नाही, जिल्ह्याच्या सूचीवर लक्ष ठेवावं लागेल. आणि जिल्ह्यात कुठे पद कमी झाल्याने अतिरिक्त ठरलेला लिपिक असेल तर त्याला रिक्त पदावर आधी सामावून घेतात, हेही ध्यानात असू द्या. ज्या वाचकांचे वडील शिपाई होते त्यांच्यापुढची अडचण आणखी मोठी आहे. 11 डिसेंबर 2020 च्या शासन निर्णयाने अनुदानित शाळांतली चतुर्थश्रेणीची पदं रिकामी होतील तशी संपवून त्याऐवजी ठोक शिपाई भत्ता देण्याचं ठरलं. त्यामुळे "बापाच्या जागी शिपाई" एवढ्यावर न थांबता, दहावी-बारावी आणि टंकलेखन असेल तर अर्जात कनिष्ठ लिपिक पदाचीही मागणी ठळक लिहावी. एकाच पदाचा हट्ट अर्जात धरू नये. "माझ्या शैक्षणिक अर्हतेनुसार गट क किंवा गट ड मधील कोणत्याही पदावर" असं लिहिलेलं चांगलं.

कोणी तुम्हाला शिक्षिकेच्या पदाचं आमिष दाखवील, बी.एस्सी. आहात म्हणून. बी.एड. आणि पहिली ते आठवीसाठी टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा) नसताना त्या वाटेला जाऊ नका. 1 सप्टेंबर 2025 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर तर निवृत्तीला पाच वर्षांहून कमी उरलेले सोडले तर सेवेत असलेल्या बहुतेक शिक्षकांनाही टीईटीतून सुटका राहिलेली नाही. लिपिक पदासाठी मात्र तुम्ही आजपासून तयारी करू शकता. राज्य परीक्षा परिषदेची संगणक टंकलेखनाची परीक्षा, मराठी 30 आणि इंग्रजी 40 शब्द प्रतिमिनिट, आणि एमएस-सीआयटी. नियुक्तीनंतर ही प्रमाणपत्रं मिळवायला मुदत मिळते म्हणून बरेच जण टाळतात. नव्या शाळेत, नव्या संसारात, प्रवासात ते राहून जातं आणि मग वेतनवाढ आणि मान्यता दोन्ही लोंबकळतात. सूचीतला काळ हाच टायपिंगचा काळ.

आता सचिवांचं बोलणं. त्यात तीन वेगवेगळ्या गोष्टी आहेत आणि तिन्हींना उत्तर एकच: "नाही."

सहा हजारांवर कामाला येण्याचा अनुकंपाशी काडीचाही संबंध नाही. त्या कामाने सूचीत क्रमांक लागत नाही, सेवा मोजली जात नाही. उलट घरात उत्पन्न सुरू आहे असं कोणी लिहू शकतं. घरखर्चाला पैसे हवेत म्हणून कुठेही काम करा, पण "इथे राबले म्हणजे जागा माझी" असं धरून नको.

मागच्या तारखेचा आदेश हा तर सरळ धोका आहे. तुमच्या नियुक्तीचा पगार सुरू होण्यापूर्वी एक लांब साखळी असते: संस्थेच्या कार्यकारिणीचा ठराव, नियुक्ती आदेश, रुजू अहवाल, शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता, मग शिक्षण उपसंचालकांकडून शालार्थ या ऑनलाइन पगार प्रणालीत नाव येण्यासाठी आयडी, आणि शेवटी पगार काढणारं वेतन पथक. प्रत्येक कडीवर तारीख असते. नागपूर विभागात 2025 मध्ये बनावट शालार्थ आयडीचं प्रकरण उघडकीला आलं, अधिकाऱ्यांना अटक झाली, चौकशीत जुन्या मान्यता आणि आदेशांच्या तारखा तपासल्या गेल्या. अशा वेळी मागच्या तारखेचा कागद बाहेर आला तर आदेश काढणारा आणि तो वापरून पगार घेणारा, दोघेही अडकतात. ज्या मुलीचा हक्क खरा आहे तिने खोट्या तारखेची सही कशाला करायची?

इमारत निधीबद्दल: अनुकंपा नियुक्तीसाठी संस्थेला, कार्यालयाला, मध्यस्थाला एक रुपयाही द्यायचा नसतो. 1988 च्या भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यात सरकारी मदत घेणाऱ्या शैक्षणिक संस्थेचे पदाधिकारीही लोकसेवक धरले जातात. हे बऱ्याच पदाधिकाऱ्यांनाही माहीत नसतं. रक्कम उघड मागितली तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा 1064 हा टोल फ्री क्रमांक आहे. त्याआधी, त्यांच्याशी जे बोलायचं ते लेखी बोला. "आपण तोंडी सुचवल्याप्रमाणे इमारत निधीबाबत लेखी कळवावे," एवढं एक नम्र पत्र दिलं की बहुतेक वेळा विषय तिथेच संपतो.

आता अर्ज. तो मुख्याध्यापकांमार्फत संस्थेला, आणि त्याची प्रत जिल्हा परिषदेच्या माध्यमिक शिक्षणाधिकाऱ्यांना. खाजगी शाळांतल्या अनुकंपाची चौकट 31 डिसेंबर 2002 च्या शालेय शिक्षण विभागाच्या शासन निर्णयाने आली आणि सामान्य प्रशासन विभागाने 21 सप्टेंबर 2017 ला या योजनेच्या सगळ्या तरतुदी एकत्र केल्या. विषयाच्या ओळीत हे दोन्ही दिनांक लिहा. (वाचकांपैकी कुणाचे आईवडील जिल्हा परिषदेच्या किंवा महापालिकेच्या शाळेत असतील तर त्यांची सूची वेगळी, त्या त्या कार्यालयाकडे. विनाअनुदानित शाळेत मात्र ही योजना नाही.)

सोबत लागतं ते असं: महापालिकेचा मृत्यू दाखला, बाबांच्या सेवापुस्तकाच्या पहिल्या पानाची आणि त्यांच्या वैयक्तिक मान्यतेच्या आदेशाची साक्षांकित प्रत, तहसीलचा कुटुंबातील वारसांचा दाखला, शिधापत्रिका, तुमचा शाळा सोडल्याचा दाखला, गुणपत्रकं, पदवी, अधिवास, असेल तर जातीचा दाखला आणि वैधता, आई आणि भावाचं ना हरकत, तुमचं सांभाळाचं हमीपत्र, आणि लहान कुटुंबाचं प्रतिज्ञापत्र, कारण 31 डिसेंबर 2001 नंतर तिसरं अपत्य झालेल्या कुटुंबाला ही योजना मिळत नाही. तुम्ही दोघंच भावंडं, तेव्हा ती अडचण नाही. भाऊ अज्ञान असल्याने त्याच्यातर्फे आई पालक म्हणून सही करतील. तो अठराचा झाला की त्याचं स्वतःचं ना हरकत पुन्हा जोडून टाका. नंतर कोणी विचारण्याआधी.

खरी फाईल अडते ती नावांवर. सेवापुस्तकात बाबांचं नाव एक, आधारवर "राव" जोडलेलं, मृत्यू दाखल्यावर आडनावाची वेलांटी वेगळी. तुमच्या दाखल्यावर वडिलांचं नाव आखूड. सगळे कागद टेबलावर ओळीने मांडा आणि नाव, जन्मतारीख, पत्ता बोट ठेवून एकेक अक्षर वाचून पहा. जिथे फरक दिसेल तिथे "ही एकच व्यक्ती" असं प्रतिज्ञापत्र अर्जासोबतच द्या. अर्ज अपूर्ण ठरला तर क्रमांक त्रुटी पूर्ण केल्याच्या तारखेचा लागतो आणि तुमच्या पुढे तेवढी घरं जातात. आणि लग्नानंतर नाव बदलायची घाई करू नका. अर्ज माहेरच्या नावाने, आधार सासरच्या नावाने, हा घोळ मान्यतेच्या वेळी फार त्रास देतो. नाव बदलायचंच असेल तर राजपत्रात प्रसिद्ध करून त्याची प्रत लगेच फाईलला लावायची.

अर्जाच्या दोन प्रती न्यायच्या. दुसऱ्या प्रतीवर शाळेचा गोल शिक्का, आवक क्रमांक, तारीख आणि घेणाऱ्याची सही, चारही हव्यात. नुसता शिक्का असला आणि क्रमांक नसला तर तो अर्ज आवक नोंदवहीत चढलेला नसतो. लिपिकाला शांतपणे म्हणा, "भाऊ, नंबर टाकून द्या, मी थांबते." शाळेने घ्यायला टाळाटाळ केली तर त्याच दिवशी स्पीड पोस्टने, पोचपावतीसह, शाळेला आणि शिक्षणाधिकाऱ्यांना. कर्मचारी गेल्यावर कुटुंबाला या योजनेची माहिती देऊन त्याची पोच घेणं हे कार्यालयाचंच काम आहे, म्हणून अर्जात एक वाक्य जरूर घाला: "या योजनेची माहिती आम्हाला आजवर लेखी देण्यात आलेली नाही." पुढे मुदतीचा प्रश्न उठलाच तर हे वाक्य उपयोगी पडतं.

त्यानंतर दर तीन महिन्यांनी फेरी मारण्यापेक्षा माहितीच्या अधिकाराचा अर्ज टाका. 10 रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, जनमाहिती अधिकारी म्हणून शिक्षणाधिकारी कार्यालय. मागायचं ते नेमकं: प्रतीक्षासूचीतला माझा क्रमांक व नोंदीचा दिनांक, सूचीची प्रत, या शाळेची चालू वर्षाची संचमान्यता, वरिष्ठ लिपिक पदोन्नतीच्या प्रस्तावाची सद्यस्थिती, आणि वर्षभरात जिल्ह्यात अनुकंपाने झालेल्या लिपिक नियुक्त्यांच्या आदेशांच्या प्रती. तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर पुढच्या तीस दिवसांत पहिलं अपील. "मला न्याय द्या" असं माहितीच्या अर्जात लिहू नका, तो अर्ज कागद मागण्यासाठी असतो. तुमच्यानंतर नोंद झालेल्याला आधी नेमलेलं दिसलं किंवा पद रिक्त असून संस्था आदेश काढत नाही असं दिसलं, तर शिक्षण उपसंचालकांकडे तक्रार आणि गरज पडली तर सिव्हिल लाईन्समध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका. शाळा न्यायाधिकरण यासाठी नाही, ते सेवेतून काढलेल्या किंवा पदावनत केलेल्या कर्मचाऱ्यांचं अपील ऐकतं. चुकीच्या दारात वर्ष घालवू नका.

सूची पुढे सरकायला किती काळ लागेल याचा भरवसा नाही, म्हणून घर त्यावर टेकवू नका. बाबा नोव्हेंबर 2005 च्या आधीपासून पूर्ण अनुदानित पदावर होते, म्हणजे आईला जुन्या नियमाचं कुटुंब निवृत्तिवेतन आहे. ते सुरू झालं का, हे पत्रात नाही. झालं नसेल तर अनुकंपाइतकाच त्याचा पाठपुरावा करा: मृत्यू उपदान (ग्रॅच्युइटी), भविष्य निर्वाह निधी, गटविमा, शिल्लक अर्जित रजेचे पैसे. पेन्शनचा प्रस्ताव शाळेतून शिक्षणाधिकाऱ्यांमार्फत नागपूरच्याच महालेखापाल कार्यालयात जातो आणि बहुतेक वेळा सेवापुस्तकातल्या वेतन पडताळणीच्या अपुऱ्या नोंदींसाठी परत येतो. बाबा स्वतः शाळेच्या कार्यालयात होते, त्यांच्या सहकाऱ्यांना ते पुस्तक कुठे अडलंय हे नक्की माहीत असेल. तुमच्या घरात एक भीती असणार, ती बऱ्याच घरांत असते: मुलीने नोकरी घेतली तर आईची पेन्शन बंद होईल. होत नाही. दोन्ही स्वतंत्र आहेत. तुम्हाला स्वतःला मात्र जुनी पेन्शन लागू होणार नाही, हे धरून पुढचा हिशेब करा.

काका-मामांना बोलवाल तेव्हा आई आणि भाऊ दोघंही समोर असू द्या. भावाला आधी बोलू द्या. त्याला शिकायचं असेल आणि तुम्हाला नोकरी करायची असेल, वर्ध्याच्या घरून होकार असेल, तर ना हरकतीच्या कागदावर त्याच बैठकीत सह्या घ्या. सासरहून होकार येत नसेल किंवा तुमचंच मन नसेल, तर भावासाठी थांबणं हाही प्रामाणिक निर्णय आहे. फक्त मग आत्ताच शाळेला लेखी कळवा की कुटुंबातील अज्ञान वारस सज्ञान झाल्यावर अर्ज करणार आहे, त्याच्या जन्मदाखल्याची प्रत जोडा, आवक क्रमांक घ्या, आणि त्याच्या अठराव्या वाढदिवसानंतरच्या पहिल्याच आठवड्यात पूर्ण अर्ज द्या.